पर्सियोचा पॅक, एलादियोचा आवाज

मी मॅनेजर बोलतोय. बँकेतला नाही की हॉटेलातला नाही. त्या मॅनेजरांना खुर्ची असते, पंखा असतो आणि कुणीतरी भीत असतं. मी मॉड मॅनेजर आहे. मला कुणी भीत नाही. बानी गावात फिओर्दालिसा पेगेरोच्या पार्लरमध्ये कोपऱ्यात जो कॉम्प्युटर आहे, त्यात मी राहतो. एका बाजूला केस वाळवायच्या ड्रायरची खुर्ची, दुसऱ्या बाजूला इन्व्हर्टर. वीज जाते तेव्हा अख्ख्या गल्लीत अंधार होतो आणि माझ्या कोपऱ्यात गर्दी होते.

माझं काम काय ते आधी सांगतो, कारण ज्यांच्या घरात मी इतकी वर्षं राबलो त्यांनाही ते नीट माहीत नाही. माणूस कॉम्प्युटरवर खेळायला एखादा गेम आणतो. कितीतरी लोकांनी वर्षानुवर्षं खपून तो केलेला असतो. याला मात्र दुसऱ्या दिवशी वाटतं की यातली झाडं बरी नाहीत, गाड्या आपल्याकडच्या नाहीत, माणसांचे केस विचित्र आहेत. मग कुणीतरी हौशी बसतो आणि स्वतःच्या मनासारखं ठिगळ शिवतो. या ठिगळांना मॉड म्हणतात. अशी ठिगळं एकावर एक चढवत गेलं की गेम एक दिवस मान टाकतो, आणि माणूस कॉम्प्युटरला चापटी मारतो.

हे होऊ नये म्हणून मी आहे. प्रत्येक मॉड मी वेगळ्या खणात ठेवतो. गेम सुरू होताना हवे ते मॉड त्याच्या अंगावर चढवतो, बंद झाला की उतरवून परत खणात ठेवतो. मूळ गेमला धक्का लावत नाही. दोन मॉड एकाच जागेसाठी भांडायला लागले तर रांग लावतो, आणि रांगेत जो शेवटी उभा असतो त्याचं चालतं. एका गेमचं सामान दुसऱ्याच्या खणात जाऊ देत नाही. कुठल्याही शहाण्या माणसाला हे कपाट लावण्याइतकं सोपं वाटेल. पण शहाणी माणसं माझ्या वाट्याला कधी आली नाहीत.

माझा जन्म कुठल्यातरी थंड देशात झाला. तिथल्या एका विद्यार्थ्यानं स्वतःचा गेम पुन्हा पुन्हा मोडला आणि पुन्हा पुन्हा नव्यानं घातला. शेवटी वैतागून त्यानं मला लिहिलं आणि फुकट वाटलं. फुकटच्या वस्तूला काय मान मिळतो तो मला पहिल्या दिवसापासून मिळत आला आहे. बानीत मी आलो तो फिओर्दालिसाच्या नवऱ्याच्या, पर्सियोच्या, पेन ड्राइव्हमधून. त्यात माझ्याशेजारी बचाता गाण्यांचा ढीग होता आणि कुणाच्यातरी लग्नाचे फोटो होते, जे त्यानं काढले नव्हते.

पर्सियोबद्दल सांगायलाच हवं. मोबाइलच्या दुकानात तो कामाला होता. फोनची काच बदलता येते म्हणून आपल्याला कॉम्प्युटर कळतो, असं त्याचं ठाम मत होतं, आणि अशी ठाम मतं त्याच्याकडे बरीच होती. उथळ पाण्याला खळखळाट फार म्हणतात, पण पर्सियोचा खळखळाट ऐकून गल्लीतले लोक त्याला समुद्र समजत. माझ्या खिडकीत मी काही लिहिलं की तो न वाचता ‘हो’ दाबायचा. मी धोका लिहिला तरी हो. मी प्रश्न विचारला तरी हो. एकदा मी नुसतं ‘काम पूर्ण झालं’ असं कळवलं, तर त्यालाही त्यानं चिडून दोनदा हो म्हटलं.

माझ्याकडे तीन गेमचे मॉड होते. पहिला फिओर्दालिसाचा. त्यात घरं बांधायची, माणसं घडवायची, त्यांना कपडे घालायचे. तिनं त्यात जगभरच्या केशरचनांचे मॉड भरले होते. गिऱ्हाईक आलं की ती त्या बाईसारखी एक बाहुली तयार करायची आणि तिच्या डोक्यावर एकेक केशरचना चढवून दाखवायची. कापायच्या आधी पश्चात्ताप करून घ्या, असं ती म्हणायची. शेजारच्या डोन्या नुरिस दर शनिवारी यायच्या, सगळ्या केशरचना बघायच्या, आणि मग नेहमीचेच रोलर लावून ड्रायरखाली बसायच्या. तरी मला फिओर्दालिसाबद्दल तक्रार नाही. जे जुनं झालं ते ती स्वतः काढायची, आणि काढताना वाचायची.

दुसरा गेम पर्सियोचा. त्यात बस चालवायची. त्यानं बसवर रंगीबेरंगी पट्टे, कर्कश हॉर्न, आरशाला लटकणारे सांताक्लॉजचे बूट असं सगळं भरलं होतं. एवढं करून बस तो चालवायचा ती फूटपाथवरून.

तिसरा गेम बेसबॉलचा, आणि तो एलादियोचा.

एलादियो हा फिओर्दालिसाचा मोठा भाऊ. मिठागरांकडे जाणाऱ्या रस्त्यावर एक मैदान आहे, तिथं रविवारच्या सामन्यांचं वर्णन तो लाउडस्पीकरवरून करायचा. त्याचा आवाज ऐकायला लोक सामन्याला यायचे, हे खेळाडूंनाही मान्य होतं. पंचाचा निर्णय चुकला की तो चुकला असं म्हणायचा नाही. पंचाच्या आईनं लहानपणी त्याला गाजर कमी खाऊ घातलं, असं म्हणायचा. मग तो आवाज बसायला लागला. राजधानीतल्या डॉक्टरांनी तपासलं आणि स्वरयंत्र काढावं लागेल असं सांगितलं. जीव वाचेल, आवाज नाही.

शस्त्रक्रियेच्या आधीचे काही सोमवार एलादियो बंद पार्लरमध्ये येऊन बसला. फिओर्दालिसानं दारं लावली, पंखे बंद केले. त्यानं डोक्यावरून चादर घेतली आणि मायक्रोफोनसमोर बोलायला लागला. आपल्या मोहल्ल्याच्या संघातल्या प्रत्येक खेळाडूचं नाव तो वेगवेगळ्या चालीत बोलला. चेंडू मैदानाबाहेर गेला तर काय, झेल सुटला तर काय, पाऊस आला तर काय, सगळं बोलला. मधेच खोकला यायचा. चादरीखालून हात बाहेर यायचा आणि फिओर्दालिसा त्यात पाण्याचा ग्लास द्यायची. दोघांपैकी कुणी रडलं नाही. ते सगळं आवाजाचं सामान तिनं तुकडे करून, नावं देऊन मॉड बनवलं आणि माझ्या खणात ठेवलं. ते मी गेमवर चढवलं की त्यातला परदेशी समालोचक गप्प व्हायचा आणि एलादियो बोलायला लागायचा. त्या दोघांनी दुसरी प्रत ठेवली नाही. बानीत लोक प्रती काढतात त्या फक्त किल्ल्यांच्या.

शस्त्रक्रिया झाली. एलादियो बरा झाला आणि रोज दुपारी येऊन खेळू लागला. खेळायचा म्हणजे काय, मुद्दाम झेल सोडायचा, मुद्दाम हरायचा. कशावर आपण काय बोललो होतो, ते ऐकायचा. गळ्याला रुमाल बांधलेला असायचा. काही सांगायचं असलं तर फोनवर टाइप करून पुढे धरायचा. पार्लरमधल्या बायका जोरात बोलायच्या त्याच्याशी, जणू त्याचे कानच काढले होते. माणसांची ही एक खोड आहे. एकाचं एक गेलं की त्याचं सगळंच गेलं असं धरून चालतात.

आता त्या शुक्रवारचं सांगतो.

पर्सियोला कुणीतरी एक नवा मॉड दिला. राजधानीपासून बानीपर्यंतचा हमरस्ता, त्यावरचं प्रत्येक माडाचं झाड, प्रत्येक फळवाला. एवढं मोठं धूड की डिस्कवर मावेना. मी तसं कळवलं. त्यानं हो दाबलं. मी पुन्हा कळवलं. मग तो चिडला आणि साफसफाईला लागला, गाणं म्हणत. पार्लर शनिवारच्या तयारीत होतं, फिओर्दालिसा मागे टॉवेल वाळत घालत होती. बेसबॉलचा खण मोठा दिसला, म्हणून यानं तो धरला. मी विचारलं, हे सगळं कायमचं काढायचं का, परत मिळणार नाही. हो. मी पुन्हा विचारलं, मूळ सामानासकट? हो. मी आज्ञा पाळतो. माझ्यासारख्यानं आज्ञा मोडायला सुरुवात केली तर उद्या पंखाही स्वतःच्या मर्जीनं फिरेल. खण रिकामा झाला आणि त्या जागेवर माडाची झाडं येऊन उभी राहिली.

थोड्याच वेळात एलादियो आला. हेडफोन लावले, गेम सुरू केला. परदेशी समालोचक बोलला. एलादियोनं हेडफोन काढले, त्यांच्याकडे बघितलं, पुन्हा लावले. सामना बंद करून पुन्हा चालू केला. मग माझी खिडकी उघडली आणि रिकाम्या खणासमोर बसून राहिला. फिओर्दालिसानं त्याच्या खांद्यावरून डोकावून पाहिलं तेव्हा तिच्या हातातला कंगवा खाली पडला, आणि तो कुणी उचलला नाही.

पर्सियोला हाक मारली गेली. तो आला, चष्मा वर केला, आणि डॉक्टरसारखं तोंड करून म्हणाला की हा मॅनेजरच नालायक आहे. अधूनमधून स्वतःच सामान खातो. व्हायरस असणार. आपण कधीचं सांगत होतो की नवा मॅनेजर घालू. चोराच्या उलट्या बोंबा मी पुष्कळ ऐकल्या आहेत, पण त्या सहसा माझ्यासमोर उभं राहून कुणी मारत नाही.

तेव्हा ड्रायरखालून डोन्या नुरिसचा आवाज आला. वाढदिवस होता म्हणून शनिवारऐवजी शुक्रवारीच त्या आल्या होत्या.

“मी ड्रायरखाली होते, पर्सियो. आंधळी नव्हते. तू गाणं म्हणत म्हणत पुसत होतास.”

पर्सियो म्हणाला की त्यांना तिथून काय दिसणार. डोन्या नुरिस म्हणाल्या की या खुर्चीतून त्यांना त्याचं टक्कलही दिसतं, जे तो टोपीखाली लपवतो. फिओर्दालिसा हसली नाही. तिनं नवऱ्याकडे नुसतं पाहिलं. पर्सियोनं टोपी सारखी केली आणि त्याच्या तोंडून ते निसटलं.

“एवढं काय त्यात? आणून देतो ना. अर्ध्या तासात प्रत आणून देतो.”

“कुठून?” फिओर्दालिसानं विचारलं. “प्रत तर नव्हतीच.”

 त्यानं मोटरसायकल काढली आणि गेला.

परत आला तेव्हा त्याच्या मागच्या सीटवर किल्वियो होता. किल्वियोचं शेजारच्या गावच्या चौकात पुरुषांचे केस कापायचं दुकान आहे. पर्सियोला फक्त त्याचा पेन ड्राइव्ह हवा होता, पण किल्वियो ऐकेना. मॉड ज्यानं केला त्याच्या घरी जायची संधी त्याला सोडायची नव्हती. पार्लरमध्ये शिरून त्यानं बायकांना नमस्कार केला, एलादियोला मान लववली, कॉफीचा छोटा कप घेतला आणि मोकळ्या मनानं बोलायला लागला. त्याच्या दुकानात दिवसभर हाच बेसबॉल चालतो. पर्सियो पॅक असं सगळे म्हणतात त्याला. पर्सियोनं मोबाइलच्या दुकानातून तिथल्या अर्ध्या गावाला दिला आहे. लोक केस कापून झाले तरी उठत नाहीत.

“मला एकच कळत नाही,” तो पर्सियोला म्हणाला, “बोलताना तुझा आवाज असा चिरका, आणि मॅचमध्ये एवढा भरदार कसा लागतो रे? काय खातोस त्या वेळी?”

 फिओर्दालिसानं पेन ड्राइव्ह किल्वियोच्या हातातून घेतला आणि मला लावला. मी मॉड आत घेतला, खणात ठेवला, गेमवर चढवला. या वेळी तिनं हेडफोनची वायर उपसून टाकली, म्हणजे सगळ्यांना ऐकू जावं.

आधी बचाताची गिटार वाजली. मग पर्सियोचा स्वतःचा आवाज, खर्ज लावायचा प्रयत्न करणारा. सादर करत आहोत पर्सियो पॅक, निर्मिती पर्सियो, आवाज पर्सियो, बानीची शान. त्यापाठोपाठ सामना सुरू झाला आणि एलादियो बोलायला लागला. पहिल्याच फलंदाजाचं नाव, त्याच्या त्या लांबवलेल्या चालीत. पार्लरमधल्या प्रत्येक बाईला तो आवाज ठाऊक होता. त्या आवाजावर त्यांच्यातल्या दोघींची लग्नं जमली होती.

किल्वियोनं आधी स्पीकरकडे पाहिलं, मग पर्सियोकडे, मग एलादियोच्या गळ्यातल्या रुमालाकडे. त्याला सगळं कळलं, आणि तो कप कुठं ठेवावा हे कळेना.

आयत्या बिळावर नागोबा मी बरेच पाहिलेत. मॉडच्या दुनियेत ती रीतच आहे. एक शिवतो, दुसरा त्यावर आपलं लेबल चिकटवतो, तिसरा त्याचा सत्कार करतो. पण तो आवाज त्या दिवशी शिल्लक होता तो याच चोरीमुळे. प्रामाणिक माणसांनी प्रत ठेवली नाही, चोरानं ठेवली. यात काही बोध असेल तर तो मला आवडलेला नाही.

पर्सियो पुटपुटला की गंमत म्हणून केलं होतं, लोकांना आवडावं म्हणून. मेहुणेबुवांचं कौतुकच झालं की त्यातून. फिओर्दालिसानं त्याला मधेच थांबवलं. तिचा आवाज चढला नाही.

“पुसलंस ते विसरेन एखाद वेळी. पण तो तुझ्यासमोर इथं रोज बसायचा, पर्सियो. त्याला एकदाही सांगावंसं वाटलं नाही तुला, की बाहेर लोक त्याचा आवाज ऐकतात?”

 

मग एलादियो उठला. मला वाटलं, तो निघाला. पण त्यानं खिशातून टॉर्चएवढं एक यंत्र काढलं. इस्पितळातून मिळालेलं. ते गळ्याला टेकवलं की ओठांच्या हालचालीला आवाज फुटतो, पण तो आवाज म्हणजे पत्र्याच्या डब्यात कोंडलेली माशी. घरी आरशासमोर त्यानं सराव केला असावा. बहिणीसमोरही त्यानं ते कधी बाहेर काढलं नव्हतं, हे तिच्या चेहऱ्यावरून दिसत होतं. त्यानं मायक्रोफोनकडे बोट केलं. डोन्या नुरिसनी आपला ड्रायर स्वतःच्या हातानं बंद केला, केस पुरते वाळले नसताना. त्या बाईकडून मी ही अपेक्षा केली नव्हती.

एलादियोनं रुमाल खाली केला, यंत्र टेकवलं आणि सावकाश बोलला.

“पुढे ऐकाल तो आवाज एलादियो पेगेरोचा आहे. हासुद्धा त्याचाच आहे.”

फिओर्दालिसानं त्याचा छोटासा मॉड केला. एवढासा. तो पर्सियोच्या सुरुवातीच्याच जागेवर बसवला आणि माझ्या रांगेत शेवटी उभा केला. मी आयुष्यात डोंगराएवढे मॉड चढवले आहेत. इतक्या तत्परतेनं मी कधीच काम केलं नाही. गिटार गेली, खर्ज गेला. माशी गुणगुणली, आणि मग भरदार आवाजात सामना सुरू झाला.

किल्वियोनं तो त्याच दिवशी नेला आणि दुकानात लावला. पर्सियोला आपल्या मोबाइलच्या दुकानात, ज्यांना ज्यांना आधीचा दिला होता त्यांना बोलावून, हा द्यावा लागला. प्रत्येकानं कारण विचारलं. प्रत्येकाला ते सांगावं लागलं, कारण बानीत कारण न सांगता कुणी पेन ड्राइव्ह परत घेत नाही. घरी काही दिवस त्याला आपला मांगू, म्हणजे कच्च्या केळ्यांचा लगदा, स्वतःच उकडून ठेचावा लागला. केळी कच्ची राहायची असं ऐकतो. गावातली काही पोरं पंख्यासमोर तोंड धरून एलादियोची नक्कल करू लागली. तो त्यांच्यासमोर थांबला, यंत्र गळ्याला लावलं आणि म्हणाला की चूक करताय, जरा नाकातून काढा. पुढच्याच रविवारी मैदानावरच्या लाउडस्पीकरवर तो पुन्हा बसला. पंचांनी तक्रार केली म्हणे, की आता टोमणा कळायला वेळ लागतो आणि त्यामुळे तो जास्त लागतो.

माझं म्हणाल तर आता माझं वय झालं. माझ्या जन्मदात्यानं केव्हाच माझ्याकडे लक्ष देणं सोडलं. त्याला नोकरी लागली असेल, किंवा मूल झालं असेल. बाजारात माझ्यापेक्षा चकचकीत मॅनेजर आले आहेत. ते प्रश्नही कमी विचारतात म्हणे, माणसांना तेच आवडतं. फिओर्दालिसा मला काढत नाही, ही तिची कृपा की आळस, मी विचारत नाही. तुमच्याकडे माझा एखादा भाईबंद असेल, तर माझं एवढंच मागणं आहे. दुसऱ्यानं शिवलेलं खुशाल अंगावर घाला, पण ज्यानं शिवलं त्याचं नाव उसवू नका. तुम्ही ऐकाल असं मला वाटत नाही.

जाता जाता एक सांगतो. गेले काही महिने पर्सियो दुपारी कॉम्प्युटरसमोर बसून काहीतरी खुडबुड करत होता. परवा त्यानं एक मॉड माझ्याकडे दिला. बसच्या गेमसाठी, गावापासून मिठागरापर्यंतचा छोटासा रस्ता. त्यातली झाडं जमिनीपासून हातभर वर तरंगतात. पूल अर्ध्यात संपतो. एका बकरीला पाच पाय आहेत. इतकं वाईट काम माझ्या खणात आजवर आलेलं नाही, आणि माझ्या खणात पुष्कळ कचरा येऊन गेला. एलादियो त्यावर बस चालवतो, पुलावरून खाली पडतो, आणि त्याचे खांदे हसून हसून गदगदतात. पर्सियो शेजारी बसून कारणं सांगत असतो.

करणाऱ्याच्या जागी त्यानं आपलं नाव लिहिलंय. मी सगळं तपासून पाहिलं. बकरीसकट सगळं त्याचंच आहे.